रोट खाल्लेला माणूस

छत्रीचं टोक आमच्या ओट्यावर टक टक वाजलं की समजायचं, रविवारची संध्याकाळ झाली. मागे गळ्यात कॅमेरे अडकवलेली माणसं, पुढे हा. आमच्या चाळीकडे बघायचासुद्धा नाही. ओट्यावर छत्री आपटायची, ठरलेलं वाक्य म्हणायचं, "अइयां जोवा जेवुं कंई नी मले. चालो, आगळ," आणि निघायचं. म्हणजे इथे बघण्यासारखं काही नाही, चला पुढे.

आता तुम्हीच सांगा. तुम्ही ओट्यावर बसून मेथी निवडताय, अंगावर धुतलेलं लुगडं आहे, दारात तुळस आहे, आणि कोणी परका माणूस तुमच्याच पायरीवर छत्री आपटून दहा लोकांना सांगतो की इथे बघण्यासारखं काही नाही! मी नुसती बघत राहिले असेन का? म्हटलं, "भाई, छत्री जरा हळू. ओटा आमचा आहे."

तर म्हणतो, "मासी, ओटो तमारो, पण गली तो बधानी." गल्ली सगळ्यांची म्हणे!

पहिल्या दिवसापासून आमचं हे असं.

आम्ही राहतो रांदेरला, तापीच्या अलीकडच्या काठावर. पूल ओलांडला की सुरत. आमचे खानदेशी लोक बहुतेक तिकडे उधना-लिंबायतला, लूमच्या खडखडाटात. आमच्या ह्यांना मात्र इकडे एका शेटच्या जुन्या घरामागे चाळीत खोली मिळाली आणि आम्ही पारोळ्याहून आलो ते इथेच रुजलो. दीर-जेठ आले, भाऊबंद आले, चाळ भरली. पुराच्या वर्षी माळ्यावर बसून दिवस काढले, पण हललो नाही. एवढं सगळं झालं तरी ह्या छत्रीवाल्याच्या लेखी आम्ही "बहारना लोको". बाहेरचे.

नाव त्याचं मी सांगणार नाही. आम्ही छत्रीवालाच म्हणायचो. शाळेत मास्तर होता, रिटायर झाला आणि गल्ल्या दाखवत फिरू लागला. ऊन असो, थंडी असो, हातात छत्री. उघडलेली मी कधी पाहिली नाही. ती दाखवायला. हा झरोखा, टक. हा खांब, टक. आवाज असा की पलीकडच्या मशिदीतल्या कबुतरांनी उडावं.

हे सगळं मी सोसलं असतं. पण त्याने ओवाऱ्याला कुलूप लावलं.

ओवारा म्हणजे इथला नदीचा घाट. आमच्या चाळीच्या शेवटी जुन्या दगडी पायऱ्या आहेत, थेट पाण्यात उतरतात. कोणीतरी तिथे लोखंडी फाटक बसवलं, आणि किल्ली दिली ह्याच्याकडे. का, तर हा टूर आणतो, हा ओवाऱ्याची काळजी घेईल! मग ह्याचं सुरू झालं, कचरा होतो, फुलं टाकतात, नारळ टाकतात. फाटक फक्त टूरसाठी उघडणार.

आणि आमची कानबाई जाते त्याच पाण्यात.

ज्यांना माहीत नसेल त्यांना सांगते. श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी आम्ही कानबाई बसवतो. नारळाचीच देवी, तिला डोळे, नथ, साडी, चौरंगावर थाटात बसते. सोमवारी सकाळी बाई तिला डोक्यावर घेते आणि नदीवर नेते. एकदा डोक्यावर घेतली की पाण्यापर्यंत खाली ठेवायची नाही, ही आमच्या घरची रीत. सासूने ह्याच ओवाऱ्यावर नेली, मी नेली, आता माझी सून नेते. फाटक बंद, म्हणजे आम्ही देवी डोक्यावर घेऊन उभं कुठे राहायचं?

म्हणून एका रविवारी मी त्याच्या टूरमध्येच घुसले. म्हटलं, बघू तरी हा काय दाखवतो, आणि फाटक उघडेल तेव्हा लोकांसमोरच विचारू. पायात चप्पल चढवली, पदर खोचला, आणि कॅमेरेवाल्यांच्या मागे उभी राहिले.

"मासी, तमे?" त्याचे डोळे बारीक झाले.

"का? बघायला बंदी आहे?"

"जोवानुं छे के टूर बगाडवानी छे?"

"आधी बघते. मग ठरवते."

एक पुण्याची बाई खुदकन हसली. तिथून पुढे ती माझ्या बाजूची झाली.

चांगलं दाखवतो, हे मला मान्य करावं लागलं, आणि त्यानेच माझं डोकं अजून तापलं. लाकडी झरोख्यांपुढे उभा राहून तो रंगूनच्या व्यापाऱ्यांच्या गोष्टी सांगायला लागला की माणसं पाणी प्यायची विसरत. हे सागवान रंगूनचं. ह्या फरशा परदेशच्या. हे रंगीत काचेचं तावदान बोटीतून आलं.

मी म्हटलं, "म्हणजे सगळं बाहेरूनच आलं की! लाकूड बाहेरचं ते हेरिटेज, आणि माणूस बाहेरचा आला तर कचरा?"

पुण्याच्या बाईने ते मोबाइलवर लिहून घेतलं. छत्रीवाल्याने ऐकूच आलं नाही असं दाखवलं. कान मात्र लाल झाले होते.

मग एक वळण आलं. कोपऱ्यावर नवीन पाच मजली बिल्डिंग, खाली पार्किंग, वॉचमनची खुर्ची. सगळीकडे टक टक करणाऱ्याने इथे छत्री काखेत मारली. पावलं उचलली. मान खाली घालून म्हणाला, "अइयां जोवा जेवुं कंई नी मले. चालो, आगळ." आणि सुटलाच.

आमच्या ओट्यावर म्हणतो तेच वाक्य. पण आवाज तो नव्हता.

मी मागे रेंगाळले. समोरच्या पानवाल्याला विचारलं, हा इथून असा का पळतो? तो चुना लावता लावता म्हणाला, "मासी, ए एनुं ज घर हतुं." त्याचंच घर. भावाभावांत पटलं नाही, बिल्डरला दिलं. त्याला एकट्यालाच विकायचं नव्हतं. कोरीव दरवाजा होता म्हणे, दोन माणसं उंच. पाडताना हा रोज येऊन ह्याच पानाच्या टपरीशी उभा राहायचा. आता पुलापलीकडे मुलाच्या फ्लॅटमध्ये राहतो आणि इथे येतो तो पाहुणा म्हणून.

मला वाईट वाटलं का? खरं सांगते, आधी बरं वाटलं. म्हटलं, आता सापडला.

ओवाऱ्यावर पोचलो. त्याने कंबरेची किल्ली काढली, फाटक उघडलं, पायऱ्यांवर छत्री टेकली. मी लगेच पुढे झाले. "भाई, श्रावणात आमची कानबाई येणार. सोमवारी सकाळी फाटक उघडं पाहिजे."

"नी."

"नी म्हणजे?"

"नी एटले नी. आ ओवारो नारियेळ नाखवानी जग्या नथी. कॉजवे पर जाव. तमे बहारना लोको आवो, गंदवाड करो..."

घाण करता म्हणे! पुढचं मी ऐकलंच नाही. म्हटलं, "आम्ही बाहेरचे! आणि तू कुठला? दाखव ना ह्या पाहुण्यांना तुझं घर! वळणावर छत्री काखेत का गेली, ते पण सांग!"

पुण्याची बाई मोबाइल खाली घेऊन उभी. छत्रीवाल्याने सगळ्यांना वर घेतलं, फाटक ओढलं, कुलूप लावलं, ते ओढून पाहिलं, आणि माझ्याकडे न बघता गेला.

त्यानंतर आमच्या ओट्यावर छत्री अशी वाजायला लागली की सिमेंटचा टवका उडाला. मीसुद्धा रविवारी मुद्दाम त्याच वेळेला मिरच्या कुटायला बसायचे. पाहुणे शिंकत, हा ठसकत ठसकत ओरडे, "आगळ! आगळ!"

मग श्रावण आला. रविवारी कानबाई बसली. आता इथे रोटाचं सांगायलाच हवं, नाहीतर तुम्हाला पुढची गंमत कळायची नाही. घरातल्या पुरुषांच्या नावाने मुठीने गहू मोजून घ्यायचे, दळायचे, त्याचे जाड रोट करायचे. खीर आणि गंगाफळाच्या, म्हणजे लाल भोपळ्याच्या भाजीबरोबर खायचे. पण हे रोट फक्त भाऊबंदांनी खायचे. शेजारी कितीही प्रेमाचा असो, त्याला पुरणपोळी द्या, खीर द्या, रोट नाही. उरला तर नदीत सोडायचा. ज्याने रोट खाल्ला तो कुळातला.

संध्याकाळी घरात गाणी चाललेली, दिवे लागलेले. मी आत कढई उतरवत होते. बाहेर टूर आली. त्या दिवशी छत्री वाजली की नाही, गाण्यांत कळलंच नाही. पण पाहुणे थांबले. दिवे पाहून दोघी-तिघी सरळ आत आल्या, देवीपुढे बसल्या. मग हा तरी एकटा गल्लीत किती उभा राहणार? ओट्यावर येऊन टेकला.

माझी सून सुरतेत जन्मलेली. बाहेर गुजराती बोलते, घरात अहिराणी, मनाने फार मोकळी. म्हातारा माणूस ओट्यावर बसलाय, सणाचा दिवस आहे, हिने भरली ताटली आणि दिली. मी बाहेर आले तेव्हा छत्री मांडीला टेकलेली आणि हा खिरीत बुडवून शेवटचा तुकडा तोंडात टाकत होता.

"माय वं!" माझ्या हातातला कलथा पडला. "तू त्याले रोट दिन्हा?"

सून पांढरी पडली. "आत्याबाई, ध्यानमाच नही ऱ्हायनं! तो भुक्या दिखना माले."

गाणी थांबली. बाया दारात गोळा झाल्या. सगळे जेठांकडे बघायला लागले, कारण घरात ते सगळ्यांत मोठे. जेठांनी टोपी सारखी केली, त्याच्याकडे खालून वरपर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "आते काय! आते तो भाऊबंद व्हयना."

"हूं थयुं?" छत्रीवाला विचारतो. काय झालं?

मी सांगितलं. म्हटलं, तुझ्या पोटात आमच्या कुळाचा रोट गेला. आता तू आमच्यातला. आणि उद्या सकाळी कानबाईला पोचवायला प्रत्येक भाऊबंदाला यावंच लागतं.

त्याने रुमालाने मिशी पुसली. "हुं आवुं बधुं मानतो नथी." असलं काही मानत नाही म्हणे. उठला, छत्री घेतली. पायरी उतरता उतरता वळून सुनेला म्हणाला, "गळ्युं ओछुं छे." गोड कमी आहे! रोट खाऊन वर नाव ठेवून गेला मेला.

सोमवारी सकाळी सुनेने कानबाई डोक्यावर घेतली. आमच्याकडे मिरवणूक प्रत्येक भाऊबंदाच्या दारी थांबते. त्या घरची बाई डोक्यावर देवी घेतलेल्या बाईच्या पायांवर पाणी घालते, मग पुढे. थांबत, नाचत, फुगड्या खेळत ओवाऱ्यावर आलो. फाटकाला कुलूप.

पोरं म्हणाली, तोडू. मी म्हटलं, खबरदार. देवी काय कुलूप फोडून जाणार? मग कोणी म्हणालं, कॉजवेवर, त्या लांबच्या बंधाऱ्यावर जाऊ. तिथवर सुनेची मान टिकली असती का? आणि माघारी फिरवायची कशी? वाजंत्री हळूहळू बंद पडली. सुनेच्या कपाळावरून घाम वाहत होता, ओठ घट्ट मिटलेले, काल आपल्या हातून काय झालं तेच तिच्या मनात असणार. मी तिच्या कोपराखाली हात धरून उभी होते आणि पोटातून त्याला शिव्या देत होते. जितक्या अहिराणीत येतात तितक्या.

तेवढ्यात रिक्षा थांबली. हा उतरला. शर्टाचं एक बटण वरखाली लागलेलं, केस ओले, हातात छत्री नाही. पहिल्यांदाच.

"खोलुं छुं, खोलुं छुं. बूमो नी पाडो!"

कोणी ओरडलंच नव्हतं.

कुलूप उघडताना त्याची बोटं दोनदा घसरली. मी म्हटलं, "आलास ना भाऊबंदासारखा?"

"हुं तो ताळा माटे आव्यो. तमे लोको तोडी नाखते." कुलपासाठी आलो, तुम्ही तोडलं असतं.

पण फाटकाशी त्याने चपला काढल्या. टूरमध्ये कधी काढत नाही. अनवाणी पायऱ्या उतरला, सुनेच्या पुढे पुढे, आणि शेवाळलेली पायरी आली की मागे वळून ओरडायचा, "अइयां नी! डाबी बाजू पग मूक!" डावीकडे पाय ठेव म्हणे. कानबाई पाण्यात गेली. मी रडले, दरवर्षी रडते. डोळे पुसून पाहिलं तर हा गुडघाभर पाण्यात उभा राहून आमच्या हारांतली प्लास्टिकची जरी ओढून काढत होता आणि तोंडाने चालूच, "गंदवाड! नर्यो गंदवाड!"

पुढेही असंच. दरवर्षी रविवारी येऊन रोट खायचा, गोड कमी म्हणायचा. सोमवारी फाटक उघडायचा आणि आमच्याशी भांडायचा. ओट्यावर छत्रीही आपटायचा. मी मिरच्याही कुटायचे. आमचं काही जमलं बिमलं नाही, गैरसमज नको.

गेल्या हिवाळ्यात तो गेला. मला पानवाल्याकडून कळलं, तेही उशिरा. आता एक पोरगी टूर घेऊन येते, कॉलरला माइक लावून. आमच्या ओट्यापुढे थांबते, हसते, पाहुण्यांना सांगते की ही बघा खानदेशी संस्कृती, किती सुंदर! माझे फोटो काढतात. गोड बोलते ती. मला तिचा राग येत नाही, हीच अडचण आहे. फाटकाचं कुलूप उघडं लटकतं. लावायला कोणाला पडलेली नाही.

ह्या श्रावणात सोमवारी कानबाई निघाली. भाऊबंदांची दारं झाली, सगळे ओवाऱ्याकडे वळायला लागले. मी म्हटलं, आधी पानवाल्याच्या कोपऱ्यावरून जाऊ. सुनेने काही विचारलं नाही. डोक्यावर देवी घेऊन वळली.

त्या बिल्डिंगला ओटा नाही, दारही रस्त्याकडे नाही. दोन गाड्यांच्या मधे जागा होती तिथे सून उभी राहिली. त्या घरची बाई म्हणून कोण येणार? मीच तांब्या घेऊन वाकले आणि तिच्या पायांवर पाणी घातलं. पाणी वाहत गाडीच्या चाकाखाली गेलं.

वॉचमन खुर्चीतून उठला. "मासी, यहाँ क्या है?"

म्हटलं, "कंई नी, भाई." आणि सुनेला म्हटलं, "चालो, आगळ."