खाडीचं मागचं पाणी

आमच्या ह्यांना, म्हणजे काशीराम परबांना, सगळं येतं. निदान त्यांना तरी तसंच वाटतं. मालवणकडच्या खाडीकाठी जन्म, वीस वर्षं गिरणीत साचा, म्हणजे माग, चालवला, आणि ब्याऐंशीच्या संपानं घरी बसवलं. घरी म्हणजे बोरिवलीला, पार पश्चिमेला, जिथे चाळ संपते आणि चिखल सुरू होतो तिथे. दुसरा कोणी काम शोधत फिरतच राहिला असता. ह्यांनी वर्षभर फिरून झाल्यावर एका सकाळी खाडी बघितली आणि म्हणाले, "प्रेमा, ह्या चिखलात तिसऱ्यो आसतले."

तिसऱ्या, म्हणजे चिखलात रुतलेले खायचे शिंपले, होत्याच. पण त्या कोळणींच्या होत्या.

ही खाडी दिसते मोठी, पण पाणी टीचभर. तोंड अरुंद, पोट रुंद. ओहोटी लागली की काठापासून लांबपर्यंत नुसता काळा चिखल उघडा पडतो, आणि त्याच्या मध्यावर पाठीसारखा उंचवटा. तिसऱ्या त्या उंचवट्यावर. कोळणी रांगेनं जायच्या, वाकून बोटांनी चिखल चाचपायच्या. ह्यांना बघितलं की थुंकायच्या. चंपा म्हणून त्यांची एक पुढारीण होती, ती तर तोंडावर म्हणाली, "बाप्या मानूस आन तिसऱ्या वेचतं? लाज नाय तुला? यो चिखल आमचा हाय."

"चिखलावर नाव लिवलासा?" हे म्हणाले. झालं. त्या दिवसापासून कोणी ह्यांच्याशी शब्द बोलेना. नळावर माझी कळशी लाथाडली, आमच्या पोरींना वाटेत ढकललं. मीही काय कमी नव्हते, एकीची घागर मी पण उपडी केली. पण चुलीवर काहीतरी चढायचं ते ह्यांच्या पाटीतलंच, म्हणून दात खाऊन गप्प बसायचे.

ह्या चंपाचा ह्यांना भारी राग. सगळ्या वाकून वाकून कंबर मोडायच्या आणि ही बया काठाजवळ बांबू रोवून, त्याला टेकून, मशेरी लावत बसायची. चिखलात हात घालायची नाही, तरी प्रत्येकीच्या पाटीतून तिला वाटा. "फुकटखाऊ! मुकादमीण!" हे घरी येऊन तिला वेडावून दाखवायचे. मीही हसायचे. आम्हाला वाटायचं, दादागिरीच आहे ती.

अमावास्या होऊन तीन दिवस झालेले. उधाणाचे दिवस, चिखल लांबवर उघडा पडलेला. मी म्हटलं, "अहो, त्या बायका परतायला लागल्यात, तुम्हीही या लवकर." तर म्हणाले, "माका खाडी शिकवतस? तिथीची पाऊणपट केली की भरतीची येळ गावता. आज तृतीया, म्हणजे सव्वादोनाक भरती. अजून खूप येळ आसा." आणि गेले उंचवट्यावर, एकटेच, समुद्राकडे तोंड करून. कोकणात पाणी समोरून येतं, दिसतं, माणूस मागे सरतो. त्यांना तेवढंच माहीत.

इथे पाणी समोरून येत नाही. उंचवटा राहतो कोरडा, आणि त्याच्या मागची, काठालगतची पन्हळ, म्हणजे चिखलातला खोलगट चर, आधी भरते. मी काठावर उभी होते. डोळ्यांदेखत माझ्या आणि ह्यांच्या मधे पाणी आलं, गुडघाभर, मग कमरेइतकं. चंपाचा बांबू अर्धा बुडाला तेव्हा कुठे माझ्या टाळक्यात शिरलं की ती बया बसून बांबूवर पाणी कधी चढतं तेच बघत असायची, बायकांना वेळेत परतवायला. मी बोंब मारली. ह्यांनी वळून बघितलं आणि धावत सुटले, खाडीकाठी जन्मूनही पोहता येत नसताना, डोक्यावर पाटी घेऊन! पन्हळीच्या मधोमध छातीभर पाण्यात पाय रुतले.

"पाटी टाक, मेल्या!" चंपा ओरडली. हे टाकेनात. ती लुगडं खोचून पाण्यात शिरली, बांबू उपटून ह्यांच्या काखेत अडकवला, दुसऱ्या हातानं एक सणसणीत थोबाडीत ठेवून दिली आणि खेचत काठावर आणलं. पाटीसकट.

मी तिच्या पायावर डोकं ठेवायला वाकले. खोटं कशाला बोलू, त्या घटकेला ती मला देवीच वाटली. तेवढ्यात तिनं ह्यांच्या हातातली पाटी हिसकली आणि भरलेल्या पन्हळीत उपडी केली.

"मानूस तुजा, घेऊन जा. तिसऱ्या आमच्या."

मी वाकलेली उठले ती तिचा अंबाडा धरूनच. दोघी चिखलात लोळलो. तिनं मला ओरबाडलं, मी तिला चावले. चिखलानं माखलेले हे मधे पडले, म्हणाले, "सोड तिका, प्रेमा. तिच्यामुळे वाचलंय मी."

"वाचलात ना?" मी ओरडले. "मग आता पोरींच्या ताटात काय वाढू, तेवढं सांगा!"

चंपानं चिखलात पडलेला बांबू उचलला. सगळ्या कोळणींनी भरलेल्या पाट्या डोक्यावर चढवल्या आणि आमच्या समोरून निघून गेल्या. एकीनंही मूठभर तिसऱ्या खाली ठेवल्या नाहीत.