दोन्ही घरी पाहुणा

रादिसाव हा नगरपालिकेच्या पाणीखात्यात पंप चालवायचा आणि सासरी राहायचा. त्यामुळेच त्याच्या वाट्याला दोन संत आले. आमच्याकडे घराघराचा एक संत असतो. त्याच्या दिवशी यजमान मेणबत्ती लावतो आणि न बोलावता अख्खा गाव जेवायला येतो. आलेल्याला 'आता निघा' म्हणायचं नाही, आणि यजमानाने दिवसभर खुर्चीला टेकायचं नाही.

या सणाची एक हक्काची रजा सरकार देतं. ती रादिसाव वडिलांच्या संत निकोलासाठी घ्यायचा आणि गावी भावाकडे जायचा. सासरचा संत जॉर्जे नोव्हेंबरात येतो. त्या दिवशी तो अर्जबिर्ज न करता सरळ दांडी मारायचा. जुने साहेब कानाडोळा करत, कारण त्या दुपारी ते स्वतःच त्याच्या घरी भाजलेल्या डुकरावर ताव मारत बसलेले असत.

नवे साहेब वुकाशिन बेलग्रेडहून आले. माणूस वाईट नव्हता, पण नियम म्हणजे नियम. दोनदा ताकीद दिली, आणि तिसऱ्या खेपेला बडतर्फीची नोटीस काढली. पन्नाशी उलटलेल्या पंपवाल्याला आता दारात कोण उभं करणार?

"छान झालं जावईबापू," सासू स्तामेन्का म्हणाली. "आता पूर्णवेळ पाहुणे."

"आई, पुरे!" रादिसावची बायको मिलुन्का ओरडली.

म्हातारी फटकळच. नवरा गेल्यावर संताची मेणबत्ती ती स्वतः लावायची, जावयाच्या हाती काडेपेटी द्यायची नाही. तो बाटली घेऊन पाहुण्यांमागे धावत असायचा आणि ही सगळ्यांदेखत म्हणायची, "जावई पाहुणा, बसा हो!" तो हसायचा. लागायचं मात्र खोल.

चौकशीच्या दिवशी म्हातारी 'गंमत बघायला' म्हणून सोबत आली आणि बाहेरच्या बाकावर बसली. आत साहेबांच्या शेजारी समितीचे दोघे होते.

"रादिसाव, गावच्या घरी यजमान कोण?" वुकाशिनने विचारलं.

"थोरला भाऊ, साहेब."

"आणि इथे?"

"इथे... सासूबाई."

"म्हणजे दोन्हीकडे तुम्ही पाहुणेच. रजा यजमानाची असते हो, पाहुण्याची नव्हे."

समितीवाले खो-खो हसले. सवयीने रादिसावही हसला, पण त्याचे डोळे भरून आले. तेवढ्यात दार धाडकन उघडलं.

"कोण म्हणतं पाहुणा?"

"आजी, तुम्हीच म्हणता की! सगळं गाव सांगतं," वुकाशिन म्हणाला.

"मी म्हणेन! माझा जावई आहे, वाट्टेल ते म्हणेन. तुम्ही कोण लागून गेलात? इतक्या वर्षांत त्या दिवशी हा एकदा तरी बसलाय? विचारा या दोघांना, यांचे पेले कोण भरतं ते! घरचा यजमान आहे तो माझ्या. लिहा!"

दोघांनी माना खाली घातल्या. पेले आठवले असणार.

"मग संत निकोलाचं काय?"

"त्याला वार्षिक रजा घेईल, अर्ज करून, चार लोकांसारखी. नाही घेतली तर मी आहे."

वुकाशिनला हसू आवरेना. हक्काची रजा संत जॉर्जेच्या नावे लागली, अर्ज न केल्याबद्दल तंबी मिळाली आणि नोकरी वाचली.

"आई, तुम्ही खरंच..." रस्त्यात रादिसावने तोंड उघडलं.

"नोकरीसाठी बोलले. शेफारू नका."

पुढच्या नोव्हेंबरात घर माणसांनी फुलून गेलं. वुकाशिनही आला, न बोलावता, रीतीप्रमाणे. स्तामेन्काने सर्वांसमोर काडेपेटी जावयाच्या हातात कोंबली. त्याच्या दोन काड्या वाया गेल्या, पण मेणबत्ती लागली. आणि आयुष्यात पहिल्यांदा त्या दिवशी म्हातारी पाहुण्यांच्या रांगेत खुर्ची ओढून बसली.

"काय हो यजमान," तिने रिकामा पेला पुढे केला, "म्हाताऱ्या माणसांकडे लक्ष आहे की नाही?"