कवळीचा नारळ

बऱ्हाणपूरच्या राजपुऱ्यात ओलं खोबरं स्वैपाकात घालत नाहीत. खोबरं म्हणजे वाण्याकडची सुकी वाटी. ती भाजायची, काळ्या मसाल्यात वाटायची, संपला विषय. नारळ ही वेगळी चीज. नारळ देवाचा, आणि तो फोडायला कारण लागतं. नवी गाडी, नवं दुकान, बोअरला लागलेलं पाणी. चटणीसाठी नारळ फोडणारा माणूस त्या गल्लीत अजून जन्मायचा आहे. आणि बाईनं तर फोडायचाच नाही. बाईनं फोडला तर तो लेकराबाळांवर फुटतो, असं कोकिळाबाईंना त्यांच्या सासूनं सांगितलं होतं. सासू खोटं बोलायची ती फक्त भाजीतल्या मिठाबद्दल.

गल्लीतले सगळे नारळ कोकिळाबाईंचे यजमान मोतीलालबापू फोडत. केळीची शेती पोरावर, योगेंद्रवर, सोपवल्यापासून बापूंना तेवढंच काम उरलं होतं आणि ते त्यांनी फार मनावर घेतलं होतं. एका फटक्यात बरोबर मधोमध दोन वाट्या. पाण्याची चिळकांडी कुणाच्या कपड्यावर नाही. लोक म्हणत, हात शुभ आहे. देडतलाईहून एकजण ट्रॅक्टरच्या पूजेला बापूंना गाडीत घालून घेऊन गेला होता, तेव्हापासून तर बापू उजव्या हातानं बादलीसुद्धा उचलत नसत. हात बिघडला तर? बादल्या कोकिळाबाई उचलत.

कोकिळाबाईंचं नाव ठेवणाऱ्यानं बाळाचं रडणं काही ऐकलेलं नसावं. केळ्यांनी भरलेला ट्रक चढावर पहिल्या गिअरमध्ये जसा ओरडतो, तसा त्यांचा आवाज. त्या आवाजाला गल्लीत एकच तोडीस तोड होती, समोरच्या घरातली सरस्वतीबाई. दोघींची लग्नं एकाच साली झाली, दोघी रोज पहाटे बरोबरच तापीच्या घाटावर जात आल्या, आणि कोकिळाबाईंनी केलेल्या प्रत्येक पदार्थात सरस्वतीबाई चूक काढत आल्या. भरीत कच्चं, कळण्याची भाकरी जाड, शेवभाजीला तेल कमी. ती चूक ऐकल्याशिवाय कोकिळाबाईंना जेवण अंगी लागत नसे.

तर त्या सरस्वतीबाईंचे दात काढले. सगळे. हिरड्या भरून आल्या, डॉक्टरनं कवळी दिली, वरची अन् खालची, निळ्या डबीत. सरस्वतीबाईंनी डबी उघडून पाहिली, बंद केली, आणि खोलीच्या दाराला पडदा ओढून घेतला. परके दात तोंडात घालायचे नाहीत अन् बिनदातांचं तोंड कुणाला दाखवायचं नाही. खाणं म्हणजे चहा, तोही पडद्याआड. घाट बंद, बोलणं बंद. पडद्याबाहेर यायचा तो फक्त हात, आणि हातानं नको म्हटलं की नको. मुलगा अजय हात जोडून थकला. मनगट बारीक होत चाललेलं कोकिळाबाईंना स्वच्छ दिसत होतं, चष्म्याची एक काच तडकलेली असूनसुद्धा.

"सरस्वते, वरणात भाकर कुस्करून देऊ?"

हात हलला. नको.

"रव्याची खीर?"

नको.

"मंग खाशील तरी काय वं? माती?"

दुसराही हात बाहेर आला. मग बोटं गोल झाली, डाव्या तळव्यावर उजवी मूठ आपटली गेली, आणि मग दोन्ही हात थंडीनं कुडकुडल्यासारखे थरथरले. दुसऱ्या कुणाला काही कळलं नसतं. कोकिळाबाईंना कळलं. अजयबरोबर कोकणात जाऊन आली होती तेव्हा सरस्वतीनं तिथे नारळाचा बर्फ खाल्ला होता, आणि त्याचं कौतुक करकरून अख्ख्या घाटाचे कान किटवले होते.

"तो गोडा बर्फ? मी करते. खाशील नं?"

हात पालथा झाला. कर, मग बघू.

कोकिळाबाई घरी आल्या. सून भूमिका मोबाइल घेऊन बसली होती.

"मम्मी, उसको सॉर्बे बोलते हैं. एकदम इझी आहे. नारळाचं दूध, साखरेचा पाक, चुटकीभर मीठ, लिंबू. आइस्क्रीमच्या पॉटमध्ये फिरवायचं, बस. दूध-बीध काहीच नाही."

"दुधाबिगर दूध?"

"नारळाला पिळून निघतं ना, मम्मी."

गायीशिवाय दूध आणि दातांशिवाय खाणं, दोन्हीचा मेळ कोकिळाबाईंना बसल्यासारखा वाटला. त्यांनी बाजारातून तीन नारळ आणले आणि बापूंच्या पुढ्यात ठेवले.

"फोडून द्या."

"कायचं कारण?"

"सरस्वतीसाठी खायले करायचं हाय."

बापूंनी कोकिळाबाईंकडे असं पाहिलं, की जणू त्यांनी असीरगढचा किल्ला उचलून परसात आणायला सांगितलाय. "खायले? ह्या हातानं? उद्या देवानं इचारलं, मोत्या, तू पोटासाठी नारळ फोडला, तं काय सांगू?"

"सांगा बायकोनं सांगतलं."

"देव बी बायकोवाला हाय, त्याले हे बहाणे पाठ हाय. कारण आण, फोडतो."

कोकिळाबाईंनी घरभर नजर फिरवली. मिक्सरला कालच नवं भांडं घेतलं होतं. "हे घ्या कारण. नवं हाय."

बापूंनी भांड्याला हळद-कुंकू लावलं, उदबत्ती ओवाळली, आणि हाणला फटका. दोन वाट्या, मधोमध. कोकिळाबाई परात घेऊन पुढे झाल्या, तोवर आवाज गल्लीत गेला होता. त्या फटक्याचा आवाज राजपुऱ्यात शाळेच्या घंटेसारखा ओळखतात. माणसं ओंजळ पुढे करूनच आत आली.

"कायचं उद्घाटन, बापू?"

"मिक्सरचं. हां, थांबा. आधी वस्तूच्या मालकानं तोंडात टाकायचा, मंग तुमी. त्याच्याआधी कोनं खाल्ला तं नारळ वाया."

मिक्सर माहेरचा, म्हणजे मालकीण भूमिका, आणि भूमिका तेव्हा बऱ्हाणपूरहून इंदूरला फोनवर बोलत होती. अख्खी गल्ली हातात खोबऱ्याचा तुकडा धरून तिचं बोलणं संपायची वाट बघत उभी राहिली. तिनं "चलो, रखती हूँ" म्हणून तुकडा तोंडात टाकला, तेव्हा कुठे सगळ्यांची तोंडं हलली. परातीत नुसत्या करवंट्या उरल्या. देणाऱ्यानं प्रसादाला नाही म्हणायचं नसतं, आणि कोकिळाबाई सासूच्या हाताखाली वाढलेल्या.

दुसरा नारळ नळाच्या नव्या तोटीसाठी फुटला. त्याला माणसं जास्त आली. तिसरा योगेंद्रनं शेतात टाकायला आणलेल्या ठिबकच्या नळीसाठी. त्याला शेजारची गल्लीही आली, कारण तोवर बातमी पसरली होती, की मोतीलालबापूंच्या घरी सारखे नारळ फुटतायत, म्हणजे बापू महापालिकेला उभे राहतायत.

संध्याकाळी नगरसेवक निरंजनभाऊ स्वतः आले. बरोबर शाल, श्रीफळ आणि घाम. त्यांनी बापूंच्या खांद्यावर शाल टाकली, हातात नारळ दिला.

"बापूजी, आप तो हमारे बडे हो. तुमी उभे ऱ्हायले तं मी पहिले बसून जाईन. पर ऐसा काय चुकलं आमचं?"

"कायले उभा ऱ्हाऊ? गुडघे दुखतात माहे," बापू म्हणाले.

निरंजनभाऊंना यात फार खोल राजकारण दिसलं. त्यांनी निघताना आणखी दोन नारळ ठेवले, शिवाय एक कोकिळाबाईंना.

कोकिळाबाईंचा चेहरा उजळला. "आता तं कारनाची गरज नाही. घरात चालत आले."

"हे सत्काराचे हाय," बापू शालीतून म्हणाले. "सत्काराचा नारळ फोडत नाहीत. पुढल्या सत्काराले देतात."

म्हणजे घरात नारळच नारळ आणि फुटणारा एक नाही. बापू शाल पांघरून, वैशाखात, घामाघूम होऊन बसले होते, कारण कौतुकाची शाल लगेच काढायची नसते.

कोकिळाबाई स्वैपाकघरात गेल्या. ओट्यावर बत्ता होता. एक नारळ समोर धरला, बत्ता उचलला. कोण बघत होतं? शेंडीखालचे तीन डोळे मात्र त्यांच्याकडे बघत होते, आणि त्यातला मधला थेट सासूसारखा. योगेंद्र मोटारसायकलवरून शेतातून यायचा होता. त्यांनी बत्ता खाली ठेवला, नारळाला नमस्कार केला, आणि समोरच्या घरी गेल्या.

पडदा तसाच. चहाचा कप अर्धा भरलेला, साय धरलेला. त्या दिवशी सरस्वतीबाईंचा हातसुद्धा बाहेर आला नाही.

"सरस्वते, उद्या करते वं," कोकिळाबाई म्हणाल्या, आणि त्यांचा पहिल्या गिअरचा आवाज कुठे गेला ते त्यांनाच कळेना. निघताना कोनाड्यातल्या निळ्या डबीवर त्यांची नजर गेली. नवी डबी. आत नवी वस्तू. एकदाही न वापरलेली.

त्या डबी घेऊनच घरी आल्या.

"अवो, योगूचे बापू. हे नवं हाय का नाही?"

बापूंनी डबी उघडली, कवळी उजेडात फिरवून पाहिली. ट्रॅक्टर जसा पाहिला होता तशीच. "नवं तं हाय. मशिनीतलंच दिसतं."

"मंग उद्घाटनाबिगर वापरायचं का?"

बापूंचा चेहरा गंभीर झाला. "तरीच ती लावत नाही. बिना नारळाची वस्तू अंगाले लागत नाही. किती नारळ हाय?"

"सत्काराचे..."

"सरस्वतीवहिनीचा सत्कार समजू. वरच्या दातांले एक, खालच्यांले एक. दोन वस्तू हाय, एका नारळात भागवता येत नाही. अन् डबीले एक."

"तिन्हीचा प्रसाद मात्र मी करीन तसा वाटायचा," कोकिळाबाई म्हणाल्या. "तुकडे नाही."

बापूंनी विचार केला. तुकडेच वाटायचे, असं देवानं कुठे म्हटलंय ते त्यांना आठवेना.

दुसऱ्या दिवशी सरस्वतीबाईंच्या ओट्यावर पाट मांडला. पाटावर लाल कापड, कापडावर कवळी, वरच्या दातांना हळद, खालच्यांना कुंकू. निरंजनभाऊ बोलावल्याशिवाय आले आणि भाषण करून गेले, की प्रत्येक मुखात दात ही वॉर्डाची जबाबदारी आहे. टाळ्या पडल्या. बापूंनी तीन फटक्यांत तीन नारळ मधोमध केले. ओंजळी पुढे आल्या. कोकिळाबाईंनी परात पदराखाली घेतली.

"प्रसाद गार मिळंल. पॉट फिरवाले या सगळे."

भाड्यानं आणलेला आइस्क्रीमचा पॉट ओट्यावर आला. बर्फाची लादी गोणपाटात घालून फोडली, खडेमीठ टाकलं. भूमिकानं नव्या भांड्यात खोबरं फिरवलं, कोकिळाबाईंनी पंच्यात घालून असं पिळलं, की पंचा ओरडला. पाक, मीठ, लिंबू. मग गल्लीनं पाळीपाळीनं दांडा फिरवला. बापूंनी डाव्या हातानं फिरवला. दांडा जड होत होत शेवटी हलेना, तेव्हा झाकण उघडलं. आत पांढरं, दाणेदार, धूर सोडणारं.

वाट्या भरल्या. प्रत्येकाच्या हातात वाटी, वर ऊन मी म्हणत होतं, आणि कुणी खाईना.

"मालकीन," बापू म्हणाले.

सगळ्यांनी पडद्याकडे पाहिलं. कवळीची मालकीण पडद्याआड होती. तिनं तोंडात टाकल्याशिवाय एकालाही खाता येत नव्हतं. वाट्यांच्या कडेला पाणी सुटायला लागलं.

"काकू, मेहेरबानी करो," कुणीतरी म्हणालं. "पिघल रहा है."

पडदा हलला नाही. कोकिळाबाई आपली वाटी घेऊन पडद्याशी गेल्या. गल्लीला ऐकू जाणार नाही असं बोलायची त्यांना सवयच नव्हती, म्हणून त्या नुसती वाटी धरून राहिल्या. पाणी मनगटावरून कोपरापर्यंत आलं.

हात बाहेर आला. वाटी आत गेली.

चमच्याचा आवाज आला. एकदा. मग बराच वेळ नाही. मग घाईघाईनं, सारखा. गल्लीनं एका वेळी तोंडात चमचे घातले, आणि ओट्यावर फक्त पॉटमधला बर्फ तडकलेला ऐकू आला.

रिकामी वाटी बाहेर आली. तिच्यामागे तोच हात, पालथा नाही, पसरलेला. कोकिळाबाईंनी वाटी परत भरायला घेतली, तर हातानं नको म्हटलं आणि पाटाकडे बोट दाखवलं.

त्यांनी कवळी उचलून हातावर ठेवली. पुसायचं राहूनच गेलं.

पडदा सरकला. सरस्वतीबाई बाहेर आल्या, वाळलेल्या, केस विस्कटलेल्या, वरचे दात पिवळे आणि खालचे लालभडक. लोक दोन पावलं मागे सरले. बिनदातांनी जे बोलता येत नव्हतं ते इतके दिवस साठलं होतं, आणि ते सगळं आता बाहेर येणार, हे कोकिळाबाईंनी तिच्या मानेवरूनच ओळखलं.

"कोकिळे," सरस्वतीबाई म्हणाल्या, "मीठ जास्त झालं. अन् लिंबू कोन टाकतं वं नारळात? कोकणात नव्हतं. पंचा धुतेल तरी होता का? गोणपाटाचा वास येऊन ऱ्हायला."

कोकिळाबाईंनी डोळ्याला पदर लावला, तडकलेल्या काचेच्या आतून. मग वाटी काठोकाठ भरून तिच्या हातात दिली.

"मंग उद्या पुन्हा करू, तू सांगशील तसा."

"उद्या?" बापू म्हणाले. "कायचं कारण?"

कोकिळाबाईंनी चष्मा काढला, काचेकडे पाहिलं, आणि ओट्याच्या कडेवर हलकेच आपटला. दुसरी काचही गेली.

"नवा चष्मा," त्या म्हणाल्या. "दोन काचा हाय. दोन नारळ."