दोन मिनिटांचा नट

सौदीतल्या रास अल खैरच्या प्लांटवर मी पाइप फिटर आहे आणि आमचे साहेब इटालियन. त्यांचे वडील पन्नास वर्षं सिनेमात होते, पण हिरो एकदाही झाले नाहीत. कधी हवालदार, कधी पाद्री, कधी वेटर. जेमतेम दोन मिनिटांचं काम, आणि बहुतेक वेळा मध्यंतराआधीच मरायचं. तुझा बाप आज कितव्यांदा मेला, म्हणून शाळेतली पोरं साहेबांना चिडवायची.

शुक्रवारी दुपारी साहेब आमच्या कॅम्पातल्या खोलीवर मटणाचा रस्सा खायला यायचे आणि लॅपटॉपवर वडिलांचे सीन दाखवायचे. भाषा कुणाच्या बापाला कळत होती! पण म्हाताऱ्याने एक भुवई वर केली की आम्ही कोकणातले सगळे गार. गावच्या नाटकांची सवय. काम आवडलं की टाळ्या पिटून ‘वन्स मोअर’ ओरडायचं आणि नटाने ते पुन्हा करून दाखवायचं. साहेब बिचारे सीन मागे न्यायचे.

एकदा साइटवर ते मला म्हणाले, वडील वृद्धाश्रमात आहेत, माणसं विसरत चाललेत. प्लांट सुरू होईपर्यंत रजा मिळणार नाही. “मी पोचेन तेव्हा त्यांनी मला ओळखावं, एवढंच हवंय.” मी आपलं ‘होईल सगळं ठीक’ म्हणालो. खोलीत मात्र कुणाला काही सांगितलं नाही.

पुढच्या शुक्रवारी, आमचा दंगा बघून वडिलांना बरं वाटेल म्हणून, साहेबांनी सगळ्यांसमोरच व्हिडिओ कॉल लावला. म्हातारा त्यांच्याकडे बराच वेळ बघत राहिला. मग ती भुवई वर गेली आणि तो दोनच शब्द बोलला. खोलीत हशा आणि टाळ्या. शेजारचा वेल्डर ओरडला, “वन्स मोअर!” सगळं ठाऊक असून मीही ओरडलो. त्याची आजही लाज वाटते.

साहेबांचा चेहरा पडला. हळूच मला म्हणाले, “तू कोण, असं विचारतायत.”

मी हातानेच सगळ्यांना गप्प केलं. पण टाळ्या तिकडे पोचल्या होत्या. म्हाताऱ्याने कॉलर नीट केली, खुर्चीत ताठ बसला, भुवई चढवली आणि तेच दोन शब्द पुन्हा म्हणाला, आधीपेक्षा झकास.

आमच्यातलं कुणी हललं नाही. साहेब एकटेच डोळे पुसत टाळ्या वाजवू लागले. वडिलांनी त्यांच्याकडे बघून मान लववली, कुणाही प्रेक्षकासमोर लववावी तशी.