भिंतीकडे तोंड

दिल्लीतल्या द्वारकेच्या आमच्या सोसायटीत जिना फिनेलने पुसला की मला करोल बागेतली एक खोली आठवते. खाली गाड्यांच्या सुट्या भागांचं दुकान, वर आमच्या संस्थेचं, कायम फिनेलचा वास येणारं ऑफिस. पोलीस कोठडीत छळ झालेल्यांच्या जबान्या मी तिथे लिहून घ्यायचे.

आमचा एक नियम होता. माणसाला काहीही करून दाखवायला सांगायचं नाही. कागदावर छापलेल्या मानवाकृतीवर त्याने खुणा करायच्या. त्या दुपारी समोर एक शिंपी बसला होता. त्याला हात नेमके कसे धरायला लावले होते, ते मला कळेना. मी वैतागून म्हटलं, "ज़रा करके दिखाइए."

तो लगेच उठला. भिंतीकडे तोंड केलं, टाचा उचलल्या, हात डोक्यावर ताणले. मी लिहू लागले. वर्णन छान उतरत होतं. मध्येच फोन आला, तोही घेतला. मान वर केली तर तो तसाच उभा. पोटऱ्या थरथरत होत्या, शर्ट पाठीला चिकटला होता.

"अरे, बैठिए ना!"

"आपने बोला नहीं था, मॅडम."

किती साधा माणूस, असं मला तेव्हा वाटलं. न विचारता हात खाली घेतले की काय होतं, ते त्यानेच अर्ध्या तासापूर्वी सांगितलं होतं, आणि मी ते लिहिलंही होतं.

शेवटी जबानी वाचून दाखवली आणि नेहमीसारखं विचारलं, "कुछ छूट तो नहीं गया?"

त्याने एकदा भिंतीकडे पाहिलं. "नहीं, मॅडम."

मी त्याची सही घेतली.