कवचाबाहेरची पाळी

उरणजवळ मोऱ्याच्या टेकडीवर आमची पोस्टिंग झाली तेव्हा सगळ्या युनिटने नाईक हरेश तांडेलकडे पार्टी मागितली. सियाचीन झालं, राजस्थान झालं, आणि आता स्वारी घरच्या खाडीवर. त्याचं गाव नेरूळमधलं सारसोळे. टेकडीवरून गावच्या होड्या दिसायच्या आणि वडिलांची होडी कोणती, हे तो आम्हाला रोज दाखवायचा. मला तर सगळ्या सारख्याच दिसायच्या.

मी हवालदार होतो, पोस्टचा कमांडर. आम्ही चौघं. सीमेवर तणाव होता, किनाऱ्यालाही हुकूम आले होते. आमच्याकडे तोफ नव्हती. ड्रोन दिसला की कंट्रोलला कळवायचं, एवढंच काम.

पोस्टला नवीन कवच मिळालं होतं, चाचणीसाठी. पावणे एमआयडीसीतल्या एका छोट्या कारखान्यात बनलेलं. पोस्टभोवती चारी बाजूंनी बंद होणाऱ्या दाराएवढ्या प्लेटा, प्रत्येकीवर त्रिकोणांची नक्षी. त्रिकोणाच्या पोटात लहान त्रिकोण, त्याच्या पोटात आणखी लहान, शेवटी भिंगातूनही दिसेनात. कारखान्याचा इंजिनिअर त्याला फ्रॅक्टल म्हणायचा. दणका या नक्षीत फुटत फुटत विरून जातो, असं त्याने फळ्यावर समजावलं. परतताना जीपमध्ये मी तांडेलला विचारलं, "काय कळलं?"

"आमचे खारीसारकं हाय, सायेब," तो म्हणाला. खाडीला तो खारी म्हणायचा. "मोठे फाट्याला लान फाटा, त्याला अजून लान. भरतीचा पानी कितीबी जोरान येऊं दे, फुटून फुटून चिखलात मुरतं."

कवच चांगलं होतं. हे मी आजही म्हणतो. पण प्लेटा बंद झाल्या की वायरलेसही मुका व्हायचा. नक्षी दणका जिरवायची, तशाच रेडिओच्या लहरीही जिरवायची. म्हणजे ज्या पोस्टचं कामच कळवणं, तिला आतून कळवता येत नव्हतं. तार बाहेर काढायला एक भोक ठेवा, असं आम्ही लेखी मागितलं. नक्षीला भोक पडलं तर कवच उरत नाही, पुढच्या मॉडेलमध्ये पाहू, असं उत्तर आलं. तोवर काय करायचं, हे उत्तरात नव्हतं.

मग आम्हीच पाळी लावली. अलार्म झाला की तिघांनी आत जायचं, चौथ्याने सेट घेऊन बाहेर थांबून बोलायचं. दुपारची पाळी कोणालाच नको असायची. कातळ तापलेला, सावली नाही. तांडेल मात्र ती मागून घ्यायचा. बाहेरून होड्या दिसायच्या ना.

त्या दुपारी त्याचीच पाळी होती. पाण्यावरून एक ड्रोन अगदी कमी उंचीवरून येताना दिसला. मी अलार्म दिला. प्लेटा बंद झाल्या. आतून मला तांडेलचं बोलणं ऐकू येत होतं. कंट्रोल काय म्हणतोय ते येत नव्हतं.

"कंट्रोल, टायगर टू. एक ड्रोन, जेट्टी की तरफ. जेट्टी खाली कराओ. ओव्हर."

मग तेच पुन्हा, जरा जोरात.

"जेट्टी, साब. जेट्टी खाली कराओ. लाँच में लोग बैठ रहे हैं."

 कोणती जेट्टी, असं तिकडून विचारलं असावं.

"मोरा. मोरा, साब."

मी आतून ओरडलो, "तांडेल, झालं, आत ये."

"दोन मिन्टं. ऐकलं का नाय ते कळूं दे."

तेवढ्यात दणका झाला. आत टेबलावरचा चहाचा मग हललासुद्धा नाही. चौकशीत पुढे कळलं, की तो ड्रोन रेडिओच्या लहरींचा माग काढत येणारा होता. त्या टेकडीवर बोलणारा माणूस एकच होता.

जेट्टी खाली झाली होती. लाँचमधल्या एकालाही काही झालं नाही.

चाचणीच्या अहवालात लिहिलं गेलं : आतील एकाही जवानास इजा नाही, कवच यशस्वी. तांडेलचा उल्लेख वेगळ्या कागदावर गेला, कारण तो कवचाच्या आत नव्हता. शब्द न् शब्द खरा आहे. मी तो अहवाल वाचला आणि मला वाटलं, आपण इतकी वर्षं ज्यात घालवली त्यात काही अर्थ नव्हता. तसं अजूनही वाटतं. नवीन मॉडेल आलं, त्यालाही भोक नाही.

निवृत्तीनंतर मी नेरूळलाच फ्लॅट घेतला. महिन्यातून एकदा सारसोळ्याला तांडेलच्या वडिलांकडे जातो. पहिल्या भेटीत त्यांनी एकच विचारलं होतं.

"त्या कवचात व्हता ना तो?"

"नाही, काका. बाहेर होता. बोलायला."

त्यांनी मान हलवली. पुन्हा कधी विचारलं नाही.

कारखान्याने आठवण म्हणून त्यांना एक प्लेट दिली. भिंतीवर मावेना, म्हणून त्यांनी ती खिडकीला लावली. घराला खिडकी ती एकच. तेव्हापासून घरात मोबाइलला धड रेंज नाही. काढून ठेवा म्हटलं, तर म्हणाले, "र्‍हाऊं दे. पोराचं हाय."

परवा चहा पिताना त्यांचा फोन वाजला. मुलीचा होता. दोनदा हॅलो म्हणाले, आवाज तुटत होता. मग कप खाली ठेवून ते उठले आणि बोलायला बाहेर, उन्हात जाऊन उभे राहिले.

मी आत बसून त्यांचं बोलणं ऐकत होतो. पलीकडचं काही ऐकू येत नव्हतं. माझ्याच्याने बसवेना. दारात जाऊन म्हणालो, "काका, आत या."

त्यांनी हाताने थांब म्हटलं. "दोन मिन्टं," ते म्हणाले.