थांबामामींची बरबटी

करडी गावात एसटी सोडली तर बाकी सगळे मामींसाठी थांबत. म्हणजे त्यांना थांबावंच लागे. दारावरून कुणी घाईने निघालं की ओट्यावरून हाक यायची, "थांब ना बाप्पा, कायले धावून राहिला?" म्हणून अख्खं गाव त्यांना थांबामामी म्हणे. मी त्यांची भाडेकरू. गावच्या आरोग्य उपकेंद्रातली नवी नर्स, कोल्हापूरकडची, आणि जन्माची उतावळी.

मामींचा हा स्वभाव त्यांच्या शेगडीतून आला असावा. पत्र्याच्या डब्यात राइस मिलमधला धानाचा भुसा ठासून भरायचा, मधे भोक ठेवायचं आणि खालून पेटवायचा. जाळ नाही, नुसती धग. त्यावर रात्रभर भिजलेल्या बरबटीचं, म्हणजे आमच्याकडच्या चवळीचं, गाडगं चढे. तोंडावर पळसाचं पान, पानाला काडीने दोन भोकं. "धुराले बी आत येऊ दे, त्याले काहून बाहेर ठेवतं?" असं त्यांचं म्हणणं. दाणा बोटाने सहज चेपला गेला की मगच गूळ, वाळलेली मोहफुलं आणि मिरची पडायची. "गूळ पयले टाकला तं दाना रुसते. मंग दिवसभर शिजव, नरम नाही होत." गोड आणि धुरकट उसळ मी कधी खाल्ली नव्हती. पहिल्या घासाला तोंड वाकडं केलं, आणि त्याच जेवणात तिसऱ्यांदा ताट पुढे केलं.

तिसऱ्या महिन्यात मी एका तान्ह्या मुलीला लस दिली आणि तिला ताप भरला. ताप येईल हे मी तिच्या आईला सांगितलं होतं, औषधही दिलं होतं. तरी मुलीची आजी मला भर चौकात नाही नाही ते बोलली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी राजीनामा लिहिला, बॅग भरली आणि मामींचा निरोप घ्यायला गेले. त्या गाडगं चढवत होत्या. बॅगेकडे बघून म्हणाल्या, "जायाचं असन तं जा, तुले कोन अडवते? पन हे शिजल्यावर. उपाशी कशी धाडू?"

मला त्यांचा रागच आला. पण भांडायचंही त्राण नव्हतं, म्हणून ओट्यावर बसून राहिले. मामी अधूनमधून दाणा चेपून बघत होत्या, एवढंच. दुपार कलली आणि ती आजीच दारात आली, नातीला कडेवर घेऊन. ताप उतरला होता. माझ्याकडे न बघता ती मामींना म्हणाली, "सिस्टरबाईले इचार ना, पोरीची दुसरी सुई कवा हाय?" मामींनी तिलाही थांबवून घेतलं. आम्ही तिघी शेजारी बसून जेवलो. माझा राजीनामा मामींनी दुसऱ्या दिवशी शेगडी पेटवायला वापरला, मला न विचारता.

त्यानंतर मी करडीत अकरा वर्षं काढली. मग जवळच्याच कारधा गावाला बदली झाली.

गेल्या हिवाळ्यात मामींच्या मुलाचा फोन आला. आईने अंथरूण धरलंय, जेवण सुटलंय. नर्सला याचा अर्थ सांगावा लागत नाही. मी घाईघाईने कुकरमध्येच बरबटी लावली, गूळही आधीच टाकला आणि डबा घेऊन धावले. मामींनी एक दाणा तोंडात घोळवला आणि हळूच बाहेर काढला.

"गूळ पयले टाकला ना?"

मी मान खाली घातली.

"मी राहीन का जाईन, म्हनून घाई केली. हो ना?"

मला रडू कोसळलं. डोळे पुसून मी परसातली जुनी शेगडी काढली, भुसा मागवला, बरबटी भिजत घातली आणि मुक्काम केला. रात्री त्यांचा हात धरून म्हणाले, "मामी, उद्या दुपारपर्यंत थांबा." त्यांना असं म्हणायची माझी ती पहिलीच वेळ.

"थांबतो ना. मले कुठं एसटी पकडाची हाय?"

आणि त्या थांबल्या. दुसऱ्या दिवशी डोळे मिटून पडल्या होत्या, पण शेगडीचा धूर खोलीत आला की नाक हलायचं. दुपारी दाणा बोटाने चेपून दाखवला, तेव्हा त्यांनी मान डोलावली. मगच मी गूळ घातला. चार घास खाल्ले त्यांनी. मग म्हणाल्या, "जमलं. आता जा तू, तुही ड्युटी हाय."

आठवड्याने मामी गेल्या. माझ्या हातची बरबटी खाऊन गेल्या, एवढं मला जन्मभर पुरेल.